मास्क धरणारा हात

1952च्या उन्हाळ्यात कोपनहेगनमध्ये पोलिओची मोठी साथ आली. ब्लेगडॅम रुग्णालयात श्वासाचे स्नायू लुळे पडलेली मुलं रोज दाखल होत होती. त्यांना श्वास देण्यासाठी तिथे एक लोखंडी फुप्फुस आणि छातीवर बसवायची सहा यंत्रं होती. पहिल्या तीन आठवड्यांत अशा 31 रुग्णांपैकी 27 दगावले. ऑगस्टअखेरीस ब्यॉर्न इब्सेन या भूलतज्ज्ञाने 12 वर्षांच्या एका मुलीच्या गळ्याला केलेल्या छेदातून श्वासनलिकेत ट्यूब घातली आणि रबरी पिशवी दाबून फुप्फुसांत हवा भरली. ऑपरेशन थिएटरमध्ये हे रोजच चालायचं. वॉर्डात, दिवसच्या दिवस, कोणी केलं नव्हतं. मुलगी वाचली. मग शहरातले सुमारे 1500 वैद्यकीय विद्यार्थी पाळ्या लावून खाटांपाशी बसले आणि काही महिने हाताने पिशव्या दाबत राहिले. मृत्यूचं प्रमाण निम्म्याहून खाली आलं.

आमच्या अतिदक्षता क्षेत्राचा इतिहास सांगणारे इथून लगेच यंत्रांकडे वळतात. मला त्या विद्यार्थ्यांपाशी थांबावंसं वाटतं. पडद्यावर आलेख नव्हते. ओठांचा रंग, कपाळावरचा घाम, मुलाच्या डोळ्यांतली भीती बघून ते पिशवीचा दाब कमीजास्त करत. आज आमचा व्हेंटिलेटर दर श्वासाचा दाब आणि आकारमान मोजून दाखवतो. पण रुग्णाकडे असं बघत बसणारं माणूस त्याने अनावश्यक ठरवलेलं नाही, हे अतिदक्षता विभागात काम करताना मला रोज दिसतं.

हृदय अचानक कमजोर पडून फुप्फुसांत पाणी भरतं, तेव्हाचं उदाहरण घ्या. रुग्ण उठून बसलेला असतो, आडवं होणं शक्य नसतं, तोंडाला फेस येतो, रक्तातल्या ऑक्सिजनचं प्रमाण (सॅच्युरेशन) घसरत असतं. अशा वेळी ट्यूब न घालता घट्ट मास्कमधून दाबाची हवा देता येते. नैसर्गिक श्वासात छाती हवा आत ओढते. इथे हवा आत ढकलली जाते. छातीतला दाब वाढला की हृदयाकडे परतणारं रक्त थोडं घटतं आणि दमलेल्या डाव्या कप्प्याला रक्त पुढे ढकलणं सोपं जातं. सोबत औषधं चालू असतातच. अनेकदा तासाभरात माणूस पुरतं वाक्य बोलू लागतो.

पण गुदमरणाऱ्या माणसाच्या तोंडावर मास्क बसवणं म्हणजे त्याच्या भीतीत भर घालणं. तो ओढून काढतो. म्हणून सुरुवातीला पट्टे आवळायचे नाहीत. मास्क हाताने धरायचा, दाब कमी ठेवायचा, "काका, मी इथेच आहे, यंत्राबरोबर श्वास घ्या" असं सांगत राहायचं, आणि जमू लागलं की दाब वाढवून पट्टे बांधायचे. ही दहा मिनिटं ज्या सिस्टरला साधतात, तिच्यामुळे किती ट्यूब टळतात याची नोंद कुठल्याच फॉर्मवर होत नाही. तिला उलटी, वाढती गुंगी, थकलेला श्वासही ओळखता यावा लागतो, कारण तेव्हा मास्कवर गेलेला वेळ धोक्याचा असतो. तेव्हा ट्यूबच हवी.

ट्यूब घातल्यावरही मदार माणसावरच. 2000 साली अमेरिकेतल्या 861 रुग्णांवरचा एक अभ्यास प्रसिद्ध झाला. गंभीररीत्या सुजलेल्या फुप्फुसांना दर श्वासाला किलोमागे 12 मिलिलिटरऐवजी 6 मिलिलिटर हवा दिली, तर मृत्यू सुमारे 40 टक्क्यांवरून 31 टक्क्यांवर आले. नवं औषध नाही, महागडं उपकरण नाही. मात्र हे किलो वजनकाट्यावरचे नव्हेत, उंचीवरून काढायचे. म्हणजे झोपलेल्या रुग्णाची उंची कोणीतरी टेप लावून मोजायला हवी. जाड माणसाचं फुप्फुस त्याच्या वजनाबरोबर वाढत नाही. एवढी साधी गोष्ट गर्दीच्या रात्री राहून जाते. नळीने कफ ओढून काढणं (सक्शन), तोंडाची स्वच्छता, खाटेचं डोकं उंच ठेवणं, रोज गुंगीचं औषध थांबवून हा माणूस स्वतः श्वास घेतो का ते बघणं, हेही सगळं माणसांनीच करायचं.

"व्हेंटिलेटर लावला म्हणजे संपलंच ना, डॉक्टर?" हे नातेवाईक विचारतात. नाही. न्यूमोनिया, दम्याचा झटका, सर्पदंशाने लुळे पडलेले स्नायू, यांत आम्ही वेळ मिळवतो आणि माणसं चालत घरी जातात. त्या भीतीपोटी होकाराला तासन्‌तास लागले, तर तोच वेळ हातचा जातो. मात्र फुप्फुसाचा किंवा हृदयाचा जुना आजार शेवटाला आलेला असेल, तर यंत्र फक्त मरण लांबवतं. हे आम्ही आधीच, रुग्णाला बोलता येत असताना, त्याच्याशी बोलायला हवं. आपण ते फार उशिरा बोलतो.

कोविडने जिल्ह्याजिल्ह्यांत व्हेंटिलेटर पोचवले. ते चालवायला शिकलेल्या परिचारिका त्या प्रमाणात घडवल्या गेल्या नाहीत. पुढच्या यंत्रासाठी निधी गोळा करणाऱ्या संस्थांना माझी विनंती आहे: त्यातला एक हिस्सा प्रशिक्षणासाठी आणि रात्रपाळीच्या नेमणुकांसाठी ठेवा. आणि वाचकहो, घरच्या माणसाला दाखल करताना व्हेंटिलेटर आहे का, एवढंच विचारू नका. रात्री एका सिस्टरकडे किती खाटा असतात, तेही विचारा.