मीटररूममधला वॉचमन

अंधेरी पूर्वेला चार-पाच वर्षं काढली की विमानांचा आवाज ऐकू येईनासा होतो. कानाला सवय होते. कॉम्प्युटरच्या पोटात चोवीस तास चालणाऱ्या पहाऱ्याचंही तसंच. तो चालू आहे हे आपल्या गावीही नसतं.

घरची मंडळी मला अधूनमधून विचारतात, "अरे, ह्या डीएलएल नावाच्या फायली कसल्या? उडवून टाकू का?" कृपा करून उडवू नका :) डीएलएल म्हणजे तयार कामांची सामाईक पेटी. प्रत्येक प्रोग्रॅम तेच काम नव्याने लिहीत बसत नाही, पेटीतलं उसनं घेतो. त्यातल्या काही पेट्यांचं काम एकच, लक्ष ठेवणं.

सोसायटीच्या गेटवर वही असते ना, कोण आलं, किती वाजता, कुणाकडे? विंडोजमध्येही तशी वही आहे आणि ती वाचायची सोय अशाच एका डीएलएलमध्ये आहे. इव्हेंट व्ह्यूअर उघडून बघा. ४६२४ हा आकडा म्हणजे कुणीतरी लॉगिन केलं, ४६२५ म्हणजे प्रयत्न फसला.

पण वही नंतर वाचायची. घटना घडतानाच पकडायची तर वॉचमनला घरात घ्यावं लागतं. काही डीएलएल दुसऱ्याच्या चालू प्रोग्रॅममध्ये शिरून बसतात आणि तुम्ही दाबलेली कळ त्या प्रोग्रॅमच्याही आधी बघू शकतात. दृष्टिहीनांना स्क्रीन वाचून दाखवणारा एनव्हीडीए हा मोफत प्रोग्रॅम असाच आत शिरून काम करतो. आणि पासवर्ड चोरणारे कीलॉगरही हीच वाट वापरतात! म्हणून वाट बुजवून टाकता येत नाही. बुजवली तर आधी अडतो तो दृष्टिहीन माणूस.

त्याहून आत मीटररूम. म्हणजे कर्नेल. घरातला वॉचमन धडपडला तर बहुधा त्या एका घराचं नुकसान. मीटररूममधला धडपडला तर अख्खी बिल्डिंग अंधारात.

१९ जुलै २०२४ ला हेच झालं. क्राउडस्ट्राइक ह्या सुरक्षा-कंपनीचा पहारेकरी कर्नेलमध्ये बसलेला. सकाळी ९ वाजून ३९ मिनिटांनी (आपल्या वेळेनुसार) त्याला एक नवीन माहिती-फाइल गेली. तिच्या साच्यात २१ रकाने होते, पहारेकऱ्याच्या हाती मात्र २०च गोष्टी दिलेल्या. एकविसावी शोधायला तो नसलेल्या जागी गेला आणि यंत्रं निळी पडली. कंपनीने ७८ मिनिटांत फाइल मागे घेतली, पण मायक्रोसॉफ्टच्या अंदाजाने तोवर ८५ लाख यंत्रं गारद झाली होती. त्यातली बरीचशी माणसाने समोर बसून एकेक करून उठवावी लागली. मुंबईसकट देशभरच्या विमानतळांवर रांगा लागल्या, बोर्डिंग पास हाताने लिहिले गेले, एकट्या इंडिगोची सुमारे २०० उड्डाणं रद्द झाली.

कुंपणच शेत खातं, असं आपण म्हणतो. इथे कुंपणाची नियत साफ होती. ते नुसतं शेतावर कोसळलं. आणि रांगेत उभ्या असलेल्या माणसाने त्या कंपनीचं नाव आधी कधी ऐकलं तरी होतं का?

हे मला लागतं, कारण सीप्झच्या आसपास माझ्यासारखे कित्येकजण असल्याच पहारेकऱ्यांवर पोट भरतात. आम्ही लिहितो ते ज्यांच्या यंत्रात जाऊन बसतं, त्यांना आम्ही माहीतही नसतो. त्या दिवसानंतर क्राउडस्ट्राइकने असे बदल सगळीकडे एकदम न पाठवता टप्प्याटप्प्याने पाठवायचं ठरवलं. पहारेकऱ्यांना कर्नेलबाहेर राहून काम करता यावं यासाठी प्रयत्न करत असल्याचं मायक्रोसॉफ्टनेही नोव्हेंबर २०२४ मध्ये जाहीर केलं. चांगलंच आहे. पण आधी दहा यंत्रांवर पाठवून बघावं, मग हजारांवर, हे काही नवीन शास्त्र नव्हे. भाताचं शीत चेपून बघितल्याशिवाय आपण पंगत वाढत नाही.

असो. पुढच्या वेळी एखादा प्रोग्रॅम 'परवानगी द्या' म्हणाला तर एवढंच बघा, की तो गेटवर बसणार आहे, घरात येणार आहे, की मीटररूमची किल्ली मागतोय. अडलं तर मला फोन करा. डीएलएल मात्र उडवू नका.