जीभ, म्हशीची आणि मंद आचेवरची

फाइव्ह स्टारच्या मेन्यूवर 'ऑक्स टंग' दिसली की आपण एकतर नाक मुरडतो, नाहीतर फोटो काढतो. त्यापेक्षा एखाद्या वीकएंडला बार्शीटाकळी गाठा. अकोल्याहून जेमतेम वीसेक किलोमीटर, अकोला-पूर्णा रेल्वेमार्गावर स्टेशनसुद्धा आहे. सकाळी बाराव्या शतकातलं देवीचं हेमाडपंती देऊळ बघा. दुपार मात्र एखाद्या चुलीसाठी राखून ठेवा.

मी गेलो ते मित्राच्या घरी. त्याच्या अम्मींनी किलोभराची जीभ मीठ-हळद लावून खसाखसा धुतली आणि आलं, लसूण, मिरी, तेजपान घालून पातेल्यात सोडली. चूल पेटवायला पऱ्हाटी, टिकायला बाभळीचं लाकूड. खळखळून उकळी नाही, नुसती बुडबुड. तीन-साडेतीन तास! कुकर का नाही, असं विचारलं तर म्हणाल्या, "बेटा, जबानले वेळ द्या लागते."

त्यात विज्ञानही आहे. जनावर दिवसभर जीभ चालवतं, म्हणून तिचे स्नायू चिवट. मंद आचेवर त्यातलं कोलॅजन विरघळून जिलेटिन होतं आणि मांस लोण्यासारखं मऊ पडतं. वरची खरखरीत साल गरम असतानाच सोलायची, गार झाली की ती निघता निघत नाही. मग जाड काप, भाजलेल्या कांदा-खोबऱ्याचा मसाला आणि ज्वारीची भाकरी. अफलातून!

पण ताट पुढे करण्याआधी अम्मी हळूच म्हणाल्या, "म्हशीचं आहे बरं."

मी विचारलंही नव्हतं. महाराष्ट्रात गोहत्याबंदी १९७६च्या कायद्यापासूनच आहे. २०१५मध्ये तीत बैल आणि वळूही आले, म्हैस बाहेर राहिली. तेव्हापासून वाढताना खुलासा करायची सवयच लागली, असं मित्र म्हणाला. योगायोग बघा, त्याच २०१५मध्ये शाहू पाटोळेंचं 'अन्न हे अपूर्णब्रह्म' आलं. मराठवाड्यातल्या दलित स्वयंपाकघरांतलं, पाककृतींच्या पुस्तकांनी कधी न छापलेलं जेवण त्यात आहे.

आपल्याला जी डिश 'एक्झॉटिक' वाटते, ती कुणाच्या तरी घरचं रोजचं, परवडणारं कालवण असते. फरक इतकाच, की हॉटेलात त्यासाठी बिल द्यावं लागतं आणि इथे सफाई.

तुम्हाला कुणी असं ताट वाढलं, तर भाकरी मोडा आणि आणखी एक काप मागून घ्या. अम्मींचा चेहरा त्यानेच खुलला होता.