पाण्याखालचे स्टोअर

आयुष्यभर मी लोकांना 'नाही' म्हणण्याचा पगार घेतला. गैरसमज नको. मी साहेब नव्हतो. साहेब लोक 'बघू' म्हणतात. मी एका सरकारी वर्कशॉपमध्ये ३४ वर्षे स्टोअरकीपर होतो. कुणी इंडेंट घेऊन खिडकीशी आला, की चष्म्यावरून त्याच्याकडे पाहायचे, बिन कार्ड काढायचे, ते उगाचच उलटसुलट करायचे आणि म्हणायचे, "शिल्लक नाही." वस्तू असली तरी हेच म्हणायचे. कारण आज देऊन टाकली तर उद्या ऐन वेळी काय देणार? ज्याच्याकडे सगळे असते आणि जो काहीच देत नाही तो उत्तम स्टोअरकीपर, अशी आमच्यात व्याख्या होती, आणि त्या व्याख्येप्रमाणे मी फारच उत्तम होतो.

या पापाची फळे मला वयाच्या ६७व्या वर्षी, आणि तीही समुद्राच्या तळाशी भोगावी लागतील, असे मात्र कधी वाटले नव्हते.

त्याचे असे झाले. एप्रिलमध्ये आमची नात सई उजवे मनगट मोडून घेऊन आमच्याकडे राहायला आली. म्हणजे मनगट तिने स्वतःच्या घरी मोडले, सायकलवरून पडून. आमच्याकडे आली ती प्लॅस्टरसकट. तिचे आईवडील तेव्हा ठाण्याचे घर आवरण्यात गुंतले होते. जावयांना मेलबर्नला नोकरी मिळाली होती आणि जूनअखेर सगळ्यांनी निघायचे ठरले होते. सगळ्यांनी, म्हणजे सई सोडून. सईने काहीच ठरवले नव्हते. तिला कुणी विचारलेही नव्हते. ११ वर्षांच्या माणसाला असले प्रश्न विचारायची आपल्याकडे पद्धत नाही. त्याचा निषेध म्हणून तिने बोलणे बंद केले होते. 'हं' या एका अक्षरावर तिने आठवडा काढला. आमच्या हिने शिरा केला. हं. थालीपीठ केले. हं. मी उत्साहाने कॅरम काढला, तर तिने आधी आपल्या प्लॅस्टरकडे पाहिले, मग माझ्याकडे पाहिले, आणि 'हं'सुद्धा वाचवला.

आठव्या दिवशी दुपारी मी वर्तमानपत्रातले कोडे सोडवीत होतो. सई तिच्याबरोबर आलेल्या संगणकापुढे बसून डाव्या हाताने काहीतरी झटापट करीत होती. शेवटी अगदी निरुपाय झाल्यासारखी म्हणाली, "आजोबा, जरा माउस धरता का?"

मी धरला. आणि सोडला तो जूनच्या २७ तारखेला.

खेळाचे नाव 'सबनॉटिका'. एका अमेरिकन कंपनीने तो २०१८ साली पुरा करून बाजारात आणला. गोष्ट साधी आहे. 'ऑरोरा' नावाचे प्रचंड यान एका ग्रहावर कोसळते. ग्रहाला धड नावही नाही, '४५४६बी' असा नुसता प्लॉट नंबर आहे. जिकडे पाहावे तिकडे पाणी. आपण एका तरंगत्या डब्यात बसून वाचतो, आणि मग जगायचे असेल तर सगळे आपले आपण बनवायचे. बनवायचे तर कच्चा माल हवा. आणि कच्चा माल सगळा पाण्याखाली. डब्याच्या भिंतीवर 'फॅब्रिकेटर' नावाचे यंत्र आहे. त्याला माल दिला की ते तयार वस्तू देते. नसला, तर काय काय कमी आहे त्याची यादी दाखवते आणि थंडपणे गप्प बसते. मी त्या यंत्राकडे पाहिले आणि मला आरशात पाहिल्यासारखे झाले.

आमची विभागणी अशी होती. सई डाव्या हाताने कळा दाबायची, त्याने माणूस पुढेमागे पोहायचा. मी माउस हलवायचा, त्याने त्याची मान वळायची. पाय तिचे, मान माझी. संसारातही वर्षानुवर्षे असेच चाललेले असते म्हणा, पण तिथे निदान हवा संपत नाही. इथे सुरुवातीला पदरात ४५ सेकंदांची हवा. ती खाली जायला लावायची तेव्हा मी वर पाहत असायचा. मला खाली काही चकाकताना दिसावे, तर ती घाबरून वर निघालेली. पहिल्या दिवशी आम्ही सात वेळा बुडालो. त्यातला विशेष म्हणजे, पाण्याखाली असेपर्यंत मी स्वतःही श्वास रोखून धरत असे. हे माझ्या लक्षात आले नव्हते. हिच्या आले. ती चहा घेऊन आली आणि माझा जांभळा चेहरा पाहून किंचाळली, "अहो, श्वास घ्या!" सई हसली. आठ दिवसांत पहिल्यांदा.

पोटासाठी मासे धरायचे. आमच्या घरात चार पिढ्यांत मासा शिजला नव्हता. मी दोन दिवसांत चाळीस भाजले. एका फुगीर माशापासून तर पिण्याचे पाणी निघते. हे ऐकून ही म्हणाली, "आपल्या नळाला त्याच्याहून बरं येतं," आणि निघून गेली.

मालाची तऱ्हा अशी. तळाशी दगडांचे गठ्ठे असतात, ते फोडायचे. चुनखडीच्या गठ्ठ्यातून टायटॅनियम निघेल नाहीतर तांबे. वालुकाश्मातून चांदी, सोने किंवा शिसे. शेलच्या गठ्ठ्यातून लिथियम, सोने किंवा हिरा. काय निघेल ते नशिबावर. तांबे हवे असले की पंधरा गठ्ठे टायटॅनियम देतात; टायटॅनियमचा डोंगर झाला आणि ठेवायला जागा उरली नाही, की हटकून तांबे निघते. आमच्या स्टोअरचीही हीच रीत होती. नट आले की बोल्ट नसायचे.

सोने सापडले त्या दिवशी मी हिला मोठ्या अभिमानाने हाक मारली.

"किती?" तिने विचारले.

"चार खडे. पण ते कॉम्प्युटर चिपमध्ये घालायचेत."

"आणि हिरे?"

"दोन मिळाले. ते धातू कापायच्या यंत्राला लागतात."

ही काही क्षण नुसती बघत राहिली. मग सईला म्हणाली, "तुझ्या आजोबांनी चाळीस वर्षांत मला एक हिरा दिला नाही, आणि इथे दोन मिळाले तर लोखंड कापायला निघालेत." आता खरे म्हणजे हिऱ्याने कापणे यात नवल काहीच नाही. आमच्या स्टोअरमध्येही काच कापायची हिरकणी होती. पण तिच्यासाठी कुणी आले की मी काय म्हणत असे, ते हिला सांगण्यात अर्थ नव्हता.

दोनतीन आठवड्यांत आम्ही पाण्याखाली घर बांधले, कपाटे बसवली, आणि माझ्यातला स्टोअरकीपर जागा झाला. सईची पद्धत म्हणजे मिळेल ते मिळेल त्या कपाटात. चांदीवर समुद्री मीठ, त्यावर प्रवाळ. मला ते पाहवेना. या खेळात कपाटांवर चिठ्ठी लिहायची सोय आहे, हे कळल्यावर मी एक संपूर्ण दुपार फक्त चिठ्ठ्या लिहिल्या. शिवाय जुनी डायरी काढून रीतसर लेजर उघडले: आवक, जावक, शिल्लक.

"आजोबा, हे काय ऑफिस आहे का?" सई वैतागली.

पण त्या खेळात नकाशा नाही. कुठे काय पाहिले ते आपणच लक्षात ठेवायचे. होकायंत्रसुद्धा आधी तांबे आणि चांदी आणून बनवावे लागते. मे महिन्यात लिथियम हवे झाले आणि मिळेना. सई म्हणाली, "मागे कुठेतरी पाहिलं होतं." मी न बोलता डायरी उघडली. डब्यापासून अंतर, दिशा, खोली, आणि शेरा: 'मोठ्या खडकाच्या डावीकडे, जवळ घाण प्राणी.' आम्ही गेलो. खडक होता. लिथियम होते. घाण प्राणीही होता.

"आजोबा, तुम्ही भारी आहात," सई म्हणाली. ३४ वर्षांत खात्याने मला असा शेरा दिला नव्हता.

एकदा तिने विचारले, खऱ्या समुद्रात असे काही असते का. मी म्हटले, असते तर! गोव्याला दोनापावल येथे राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था आहे. तिच्या 'गवेषणी' जहाजाने २६ जानेवारी १९८१ रोजी अरबी समुद्राच्या तळातून धातूंचा पहिला गोटा वर काढला. बटाट्याएवढे काळे गोटे असतात, त्यांत मँगनीज, निकेल, तांबे आणि कोबाल्ट. हिंदी महासागराच्या मध्यभागी ७५,००० चौरस किलोमीटरवर त्यांचा शोध घ्यायचा करार भारताने २००२ साली केला. आणि असा गोटा दहा लाख वर्षांत वाढतो फक्त काही मिलिमीटर.

"एवढं हळू?"

"आमच्या खात्यात प्रमोशन त्याच गतीने मिळायचं," मी म्हणालो.

आता दातांचे प्रकरण. सईचे स्वप्न होते 'सायक्लॉप्स' नावाची मोठी पाणबुडी बांधायचे. जिच्यात आपण चालू-फिरू शकतो, कपाटे ठेवू शकतो. "म्हणजे घरच बरोबर नेता येतं," ती म्हणाली. तिला तीन खास काचा लागतात, आणि प्रत्येक काचेला एक दात. दात कुणाचा? तर उंच वेलींच्या रानात 'स्टॉकर' नावाचा, सुसरीच्या जबड्याचा प्राणी असतो, त्याचा. तो मारायचा नाही. बंदूक या खेळात नाहीच. आहे तो एक चाकू. या प्राण्याला भंगाराचा नाद असतो. लोखंडाचा पत्रा दिसला की तो तोंडात धरून पळतो, आणि धरताना कधीकधी त्याचा दात पडतो. मला त्याच्याबद्दल एकदम जिव्हाळा वाटला. माझेही दोन दात सरकारी कँटीनच्या लाडवात असेच गेले आहेत.

तेव्हा आपण भंगार नेऊन टाकायचे आणि वाट पाहायची. भंगाराच्या एका तुकड्यातून चार टायटॅनियम निघतात, आणि ते लिलावाशिवाय, सहीशिवाय, जनावरांना वाटायचे! माझा जीव तुटत होता. शिवाय दात पडला तरी तो वाळूत इतका बारीक दिसतो, की त्यापेक्षा माझी कवळी शोधणे बरे. त्या दुपारी ही मागून डोकावली आणि म्हणाली, "काय शोधताय?" मी म्हटले, "दात." ती म्हणाली, "बाथरूममध्ये वाटीत आहेत."

पण त्या वाट पाहण्यात एक झाले. सई बोलू लागली. आम्ही वेलींमागे लपून बसायचो, समोर ते प्राणी पत्रे पळवायचे, आणि ती पडद्यावरची नजर न काढता बोलायची. एका माणसाला दोनच बॅगा नेता येतात, एकेक २३ किलोची. त्यात पुस्तके बसत नाहीत. संगणक तर नाहीच नाही. मैत्रिणीने दिलेला शंखांचा डबा आई 'नको' म्हणते. "तिकडे मला कुणीच ओळखत नसेल ना, आजोबा?"

तिथे काहीतरी शहाणपणाचे बोलायला हवे होते. मला सुचले नाही. मी म्हटले, "आपण यादी करू."

लेजरच्या मागच्या बाजूला आम्ही यादी केली. खेळातही खिशात ४८ घरे असतात, त्यामुळे काय टाकायचे हे तिला माझ्यापेक्षा चांगले कळत होते. मीठ तिथेही मिळेल, खोडा. जाड स्वेटर, ठेवा. शंखांचा डबा? सईने माझ्याकडे पाहिले.

"वजन किती?"

"तीनशे ग्रॅम असेल."

मी चष्म्यावरून यादी पाहिली, उगाचच उलटसुलट केली, आणि लिहिले: 'मंजूर.' आयुष्यातले माझे पहिले.

मेअखेरीस तिचे प्लॅस्टर निघाले. उजवा हात मोकळा झाला. मी माउसवरून हात काढून घेतला, तर ती म्हणाली, "राहू दे. मान तुम्हीच वळवा."

जूनअखेर ती गेली. तोवर दोन दात मिळाले होते. तिसऱ्याने शेवटपर्यंत दगा दिला. संगणक २३ किलोंत बसला नाही म्हणून आमच्याकडेच राहिला. जाण्यापूर्वी तिने मला खेळाचा शेवट सांगून ठेवला. सगळे जमवून, रॉकेट बांधून घरी पोचावे, तर कंपनी म्हणते, तुम्ही वापरलेला माल आमचा होता, एक लाख कोटी भरल्याशिवाय उतरता येणार नाही. मला यात काहीच गैर दिसले नाही. माल वापरला की हिशेब द्यावाच लागतो.

पहिले पंधरा दिवस मी संगणकाकडे फिरकलो नाही. मग एकदा लावला. पाय आणि मान दोन्ही माझीच असल्यामुळे बराच वेळ गोल गोल फिरलो. आणि पाण्यात एक खूण चमकताना दिसली. या खेळात आपल्याला हव्या त्या नावाची खूण पाण्यात सोडता येते. किती मीटरवर आहे तेही सतत दिसते. इंग्रजी अक्षरांत लिहिले होते, 'आजोबा घर इकडे'. माझी मान कुठेही वळते हे तिला माहीत होते.

दर रविवारी ती फोनवर दिसते. शाळेत एक मुलगी आहे, तिलाही शंख आवडतात. शेवटी न चुकता विचारते, "आजोबा, तिसरा दात मिळाला?"

मी चष्म्यावरून तिच्याकडे पाहतो, डायरी काढतो, उगाचच उलटसुलट करतो आणि म्हणतो, "शिल्लक दोनच."

"मग डिसेंबरच्या सुट्टीत मी आले की शोधू. माझ्याशिवाय बांधू नका हं सायक्लॉप्स!"

"छे, छे. माल कुठाय?"

तिसरा दात मला ऑगस्टमध्येच मिळाला. सर्वांत खालच्या कपाटात, टायटॅनियमच्या ढिगाखाली ठेवला आहे. लेजरमध्ये त्याची नोंद नाही. ३४ वर्षांत तोंडाने काहीही म्हटले असेल, पण लेजर कधी चुकवले नव्हते. ऑडिट पार्टी डिसेंबरात येईल, तेव्हा काय शिक्षा द्यायची ती देवो.