७१ नंबरची गाडी

नव्वदच्या दशकात नोकरीनिमित्त आम्ही नॉर्थ कॅरोलायनातल्या शार्लटला आलो आणि सहकाऱ्यांबरोबर मी स्टॉक कार शर्यतींना जाऊ लागलो. कॉन्कर्डच्या ट्रॅकवरची मोठी शर्यत ६०० मैलांची. दीड मैलाच्या ट्रॅकवर ४०० फेऱ्या आणि चाळीसेक गाड्या! सगळ्यांचे डोळे डेल अर्नहार्टवर असत. मला मात्र मागच्या गाड्यांमधल्या ७१ नंबरच्या गाडीने धरून ठेवले.

तिचा चालक डेव्ह मार्सिस मूळचा विस्कॉन्सिनमधल्या वॉसॉचा. १९६८ पासून तो नॅसकार या स्टॉक कार शर्यतींच्या संघटनेच्या सर्वोच्च मालिकेत होता. संघ त्याचा स्वतःचा, गॅरेज ॲशव्हिलजवळ. ऑफिसात घालतात तसले चामडी विंगटिप बूट घालून तो गाडी चालवायचा. गाडीच्या आत तापमान ५० अंशांच्या घरात जाते, पायाखालचा पत्रा तापतो. जाड चामड्यामुळे पाय भाजत नाहीत.

त्याचे डाव कळायला मला वेळ लागला. स्टँडमधल्या जुन्या प्रेक्षकांनी ते गणित समजावले. बक्षिसाचे पैसे शेवटच्या क्रमांकापर्यंत सगळ्यांना मिळतात. पण इंजिन फुटले, की पुढच्या शर्यतीची तयारीच अडते. तोकड्या पैशांत संघ चालवणारा मालक म्हणूनच टायर पुरवून वापरतो आणि इंजिन जपतो. पुढचे चालक जिंकण्यासाठी जोखीम घेतात. याला पुढच्या आठवड्यात पुन्हा उभे राहायचे असते. हे कळल्यावर विसाव्या आणि पंचविसाव्या क्रमांकांमधली झुंजही मी श्वास रोखून पाहू लागलो.

जुने निकाल चाळताना तर माझा आदर आणखी वाढला. १९७५ मध्ये तंत्रप्रमुख हॅरी हाइडने तयार केलेली, चांगल्या पैशांची गाडी हाती होती, तेव्हा मार्सिस अजिंक्यपदाच्या यादीत रिचर्ड पेटीच्या खालोखाल दुसरा आला. त्याच वर्षी मार्टिन्सव्हिलला पहिला विजय, पुढल्या वर्षी आणखी तीन. १९८२ मध्ये रिचमंडला इतर चालक टायर-इंधनासाठी पिटमध्ये वळले, तेव्हा तो ट्रॅकवर राहिला; पावसाने शर्यत थांबली आणि तो जिंकला. हा विजय स्वतःच्या गाडीतला. पुढे रिचर्ड चिल्ड्रेसचा संघ, म्हणजे अर्नहार्टचाच संघ, गाड्यांच्या चाचणीसाठी त्याला बोलवत असे.

२००२ ची डेटोना ५०० मी टीव्हीवर पाहिली. साठीतल्या मार्सिसची ती अखेरची शर्यत. इंजिनाने दगा दिला आणि ती अर्ध्यावर संपली. एकूण शर्यती ८८३, विजय ५. हे आकडे ऐकून कुणी त्याला सामान्य म्हटले, तर मी १९७५ सालाकडे बोट दाखवतो. हातात योग्य गाडी असताना तो कुठवर पोचत होता, हे त्या साली दिसले. उरलेली वर्षे त्याने आपल्या ऐपतीत शर्यतीत टिकून राहण्यासाठी खर्चली, आणि तीही तितक्याच कसबाची होती.