अण्णांच्या गाडीचा पिवळा दिवा

पोंगल आटोपून चार दिवस झाले होते. २०२५ सालचा जानेवारी महिना. तंजावूरच्या वेस्ट मेन स्ट्रीटवरच्या आपल्या जुन्या घरातून अण्णांनी पहाटेच गाडी बाहेर काढली. तिरुवैयारू तिथून जेमतेम तेरा किलोमीटरवर. कावेरीकाठी त्यागराजांच्या समाधीपाशी आराधनेसाठी गायक-वादकांचा मेळा जमतो आणि अण्णा तो सहसा चुकवत नाहीत. वेण्णारचा पूल ओलांडला आणि स्टिअरिंगच्या मागे एक पिवळा दिवा लागला. इंजिनाच्या आकाराचा, एवढुसा.

गाडी चालत होती, ब्रेक लागत होते. ‘दिव्याचंच काहीतरी बिघडलं असेल,’ असं म्हणून अण्णा पुढे गेले. दुपारी घरी परतल्यावर माईंकडे त्यांची नेहमीची तक्रार सुरू झाली, ‘हल्लीचे गायक शब्द गिळतात हो. सूर ठीक, पण शब्द? छे!’ माई काही बोलल्या नाहीत. त्या संध्याकाळी अण्णांनी नातीच्या राहून गेलेल्या पाकिटातली एक काळी टिकली काढली आणि त्या पिवळ्या दिव्यावर नेमकी चिकटवून टाकली. दिवा दिसेनासा झाला. प्रश्न मिटला!

अण्णा हे अस्सल तंजावरी मराठी. १६७५च्या सुमारास शिवाजी महाराजांचे सावत्र भाऊ व्यंकोजीराजे तंजावूरच्या गादीवर आले. त्या मराठी राजवटीत इथे येऊन स्थिरावलेल्या घराण्यांपैकी त्यांचं एक. १८५५ मध्ये इंग्रजांनी राज्य खालसा केलं, पण ही मंडळी कावेरीकाठीच राहिली. घरात अजून मराठीच बोलतात; मात्र त्यात तमिळ इतकं मुरलंय की पुण्याच्या माणसाला जरा थांबून ऐकावं लागतं. अण्णांची मुलगी पुण्यात दिलेली. नात पाच वर्षांची. दर रविवारी व्हिडिओ कॉल होतो. नात भराभरा काहीतरी सांगते, अण्णा ‘हो हो, शाब्बास!’ म्हणतात आणि फोन माईंच्या हातात देतात.

एकोणसत्तर वर्षांचे अण्णा सरकारी खात्यातून हिशेबनीस म्हणून निवृत्त झाले. २०१५ साली घेतलेल्या या गाडीच्या पेट्रोलचा न् किलोमीटरचा हिशेब त्यांच्या वहीत तारीखवार सापडेल. त्यामुळे उगाच खर्च करण्याचा प्रश्नच नव्हता.

टिकलीचं बिंग फोडलं ते भाच्याने. त्याच्याकडे काडेपेटीएवढं एक यंत्र होतं. स्टिअरिंगखालच्या खाचेत ते बसवलं की मोबाइलवर गाडीचं दुखणं उमटतं. ही खाच काही खास सोय नव्हे. अमेरिकेत १९९६च्या मोटारींपासून आणि आपल्याकडे एप्रिल २०१३पासून बीएस-४ मोटारींना ओबीडी-२ ही स्वयंतपासणीची पद्धत बंधनकारक झाली. अण्णांच्या गाडीने संकेतांक दाखवला, पी ००१६.

हा संकेतांक इंजिनाच्या टायमिंगचा. इंजिनात दोन मुख्य दांडे फिरतात. खालचा क्रँकशाफ्ट पिस्टनला जोडलेला असतो. वरचा कॅमशाफ्ट हवा आत घेणारे आणि धूर बाहेर सोडणारे व्हॉल्व्ह उघडतो. खालच्याचे दोन फेरे होतात, तेव्हा वरच्याचा बरोबर एक फेरा पुरा व्हायला हवा. हे गणित सांभाळते ती टायमिंग चेन, सायकलच्या चेनसारखी. काही गाड्यांत तिच्याऐवजी दातेरी पट्टा असतो. मिनिटाला ३ हजार फेऱ्यांचा वेग म्हटला, तर खालचा दांडा सेकंदाला ५० वेळा फिरतो आणि वरचा २५ वेळा. दोन्हींपाशी एकेक सेन्सर बसून त्यांची जागा गाडीच्या संगणकाला कळवत असतो. दोघांच्या मेळात काही अंशांचा फरक पडला, की संगणक पी ००१६ अशी नोंद करतो आणि दिवा लावतो. मृदंग आणि टाळ यांची सम जुळत नाही, एवढंच तो सांगतो. चूक मृदंगाची की टाळाची, ते मात्र सांगत नाही.

आणि लोक फसतात ते नेमके इथेच. भाच्याने मोबाइलवर बोट दाबून संकेतांक पुसला. दिवा विझला. तीन दिवसांनी पुन्हा लागला. मग कुणीतरी सांगितलं, ‘सेन्सर बदला.’ अडीच हजार रुपये गेले. आठवड्याने दिवा पुन्हा हजर! शेवटी अण्णा एका मोठ्या गॅरेजात गेले. तिथे गाडी आत गेली, तासाभराने एक कागद बाहेर आला. टायमिंग चेन, टेन्शनर, गाइड, मजुरी, सगळं मिळून ३८ हजार. अण्णांनी विचारलं, ‘चेनच कशावरून?’ काउंटरवरचा तरुण मान खाली घालूनच काहीतरी बोलला. अण्णांना ते नीट कळलंच नाही. ‘लुटायला बसलेत!’ असं म्हणत ते गाडी घेऊन परतले.

तंजावूरच्या करंदै भागात एका पत्र्याच्या शेडमध्ये एक वयस्क मेकॅनिक काम करतात. सगळे त्यांना ‘भाई’ म्हणतात. अण्णा त्यांच्याकडे गेले, तेव्हा भाईंनी बॉनेट उघडलंच नाही. आधी प्रश्न विचारले. दिवा कधी लागला? त्याआधी काही काम केलं होतं का? गाडीची ओढ कमी झाली का? सकाळी पहिल्यांदा सुरू करताना आवाज येतो का?

‘आवाज? अजिबात नाही,’ अण्णा ठामपणे म्हणाले.

भाई क्षणभर थांबले. ‘सार, गाडी घरी न्या. रात्रभर उभी ठेवा. उद्या सकाळी मी येतो. तोवर चावी लावू नका.’

दुसऱ्या दिवशी साडेसहाला भाई दारात हजर. माईंनी कॉफी आणून ठेवली. भाईंनी बॉनेट उघडलं, मोबाइल इंजिनाजवळ धरला आणि अण्णांना गाडी सुरू करायला सांगितली. पहिले दोन-तीन सेकंद पत्र्याच्या डब्यात खिळे घालून हलवावेत तसा खडखडाट झाला आणि थांबला.

‘ऐकलंत, सार?’

‘काय?’

स्वयंपाकघराच्या खिडकीतून माई म्हणाल्या, ‘हाच ना आवाज? तो तर दिवाळीपासून येतोय. यांना रोज सांगते मी!’

भाईंनी मोबाइलवरचा आवाज मोठा केला आणि तो अण्णांच्या कानाशी धरला. अण्णांनी ऐकलं. पुन्हा लावायला सांगितलं. मग हळूच विचारलं, ‘हा एवढा मोठा येतो?’

कुणी उत्तर दिलं नाही.

भाईंनी मग तेलाची पट्टी काढली. तेल खालच्या खुणेच्याही खाली गेलेलं, काळं आणि दाट. अण्णांची वही मागवली. पेट्रोलची प्रत्येक नोंद जागच्या जागी होती; ऑइल बदलल्याची शेवटची नोंद मात्र मार्च २०२१ची! करोनाच्या काळात गाडी उभी राहिली, तेव्हापासून अण्णांचा हिशेब असा, की गाडी फिरतेच किती, मग तेल कशाला बदला? पण बहुतेक गाड्यांच्या पुस्तिकेत ‘१० हजार किलोमीटर किंवा एक वर्ष, यांतलं जे आधी होईल ते’ अशा धर्तीचा नियम असतो. तेल नुसतं चालण्याने नाही, काळानेही खराब होतं. जवळच्या जवळ फिरणाऱ्या गाडीचं तर जास्तच, कारण इंजिन पुरतं तापतच नाही आणि तेलात साठलेला ओलावा उडून जात नाही.

भाईंनी समजावलं ते असं. चेन ताणून धरणारा टेन्शनर बऱ्याच गाड्यांत तेलाच्या दाबावर चालतो. रात्रभरात तेल खाली उतरतं. सकाळी दाब तयार होईपर्यंत चेन ढिली राहून आपटते, तोच हा खडखडाट. शिवाय व्हॉल्व्हची वेळ वेगाप्रमाणे पुढेमागे करणारी यंत्रणाही तेलावरच चालते. तिच्या झडपेची बारीक जाळी गाळाने तुंबली, तरी हाच संकेतांक येतो. म्हणून आधी स्वस्त उपाय, मग महाग.

त्यांनी वायरी उंदरांनी कुरतडल्या नाहीत ना ते पाहिलं, तेल आणि फिल्टर बदलला, झडप काढून जाळी धुतली आणि संकेतांक पुसला. आठ दिवस दिवा लागला नाही. खडखडाट कमी झाला, पण गेला नाही. नवव्या दिवशी पी ००१६ परत आला.

आता मात्र इंजिनाचं पुढचं झाकण उघडलं. भाईंनी अण्णांना स्टुलावर बसवून घेतलं. पाना लावून इंजिन हाताने सावकाश दोन फेरे फिरवलं. खालच्या चक्रावरची खूण जागेवर आली. वरच्या चक्रावरची आली नाही. टेन्शनरचा दट्ट्या पार शेवटपर्यंत बाहेर आलेला. जुनी चेन काढून त्यांनी नव्या चेनशेजारी खिळ्याला टांगली. जुनी जवळजवळ अर्धी कडी लांब भरली. कडीकडीतल्या पिना झिजल्या की चेन अशी लांबते.

अण्णा बराच वेळ त्या दोन चेनांकडे बघत राहिले. ‘म्हणजे त्या गॅरेजवाल्यांचं खरंच होतं?’

‘खरंच होतं, सार. त्यांनी खोटं सांगितलं नव्हतं. फक्त दाखवलं नव्हतं.’

भाईंनी पुढचंही सांगितलं. पिवळा दिवा स्थिर असेल तर गाडी सावकाश गॅरेजपर्यंत न्यावी. तो लुकलुकू लागला तर इंजिन नीट पेट घेत नाही असं समजून वेग लगेच उतरवावा आणि गाडी बाजूला घ्यावी. तेलाच्या बुधलीचा लाल दिवा लागला तर मात्र जागच्या जागी इंजिन बंद करावं. टायमिंगचं दुखणं अंगावर काढून चेन निसटली, तर पुष्कळ इंजिनांत व्हॉल्व्ह पिस्टनवर आदळून वाकतात. मग खर्चाला धरबंध राहत नाही. ‘दिवाळीत आवाज आला तेव्हाच आला असता, तर कदाचित तेलावर भागलं असतं.’

अण्णा घरी आले ते गप्पच. रात्री जेवताना माईंनी विषय काढला. इतके दिवस त्या ‘तुम्हाला कमी ऐकू येतं’ असं सांगत आल्या होत्या आणि अण्णा ‘तुम्हीच पुटपुटता’ असं म्हणत आले होते. या वेळी त्यांनी तसं काही म्हटलं नाही. म्हणाल्या, ‘सरफोजीराजांच्या धन्वंतरी महालात डोळ्यांच्या रोग्यांची टिपणं ठेवत, डोळ्यांची चित्रं काढून घेत, ती सरस्वती महालात अजून जपून ठेवलीत, हे पाहुण्यांना तुम्हीच सांगता ना? मग तुमच्या कानाचं चित्र काढून बघायला काय हरकत आहे?’ आणि थोडं थांबून म्हणाल्या, ‘मागच्या रविवारी पोर विचारत होती, आजोबांना मी आवडत नाही का म्हणून.’

अण्णांचा घास हातातच राहिला.

कानाच्या तपासणीचा आलेख हे खरोखर एक चित्रच असतं. डावीकडे खर्ज, उजवीकडे तार. अण्णांची रेघ डावीकडे बरीचशी सपाट होती आणि उजवीकडे उतारासारखी घसरत गेली होती. वय वाढतं तसं आतल्या कानातल्या सूक्ष्म केसांसारख्या पेशी झिजतात आणि पुन्हा उगवत नाहीत. आधी जातात ते उंच सूर. स, श, फ, त यांसारखी व्यंजनं पुसट होतात. म्हणून माणसाला आवाज ऐकू येतो, पण शब्द कळत नाहीत. गायक शब्द गिळतात असं वाटतं. आणि लहान मुलांचा बारीक आवाज तर सगळ्यात आधी निसटतो.

‘चेन नवी घालता येते,’ आलेख बघून अण्णा एवढंच म्हणाले.

कान नवे घालता येत नाहीत, पण यंत्र लावता येतं. तेही सुखासुखी झालं नाही. पहिले काही दिवस ताटवाट्यांचा खणखणाट आणि कुकरची शिट्टी असह्य होई. दोनदा त्यांनी यंत्रं काढून डबीत टाकली. माईंनी हट्ट धरला नाही. रविवार आला की अण्णाच डबी शोधत.

मे महिन्यात लेक आणि नात तिरुचीच्या विमानतळावर उतरल्या. आणायला अण्णा आणि माई गेले होते, गाडी घेऊन. इंजिन शांत, दिवा विझलेला. लेक पुढे बसली, आजी आणि नात मागे. सीटच्या मधून मान पुढे काढून नात काचेमागच्या काट्यांकडे बघत होती. टिकली अजून तिथेच होती, फक्त दिव्यावरून उचलून कोपऱ्यात लावलेली.

‘आजोबा, माझी टिकली इथे कशी?’ ती मागून हळूच म्हणाली.

अण्णांनी मान न वळवता उत्तर दिलं, ‘सांगतो. मोठी गोष्ट आहे.’