स्ट्रासबर्गचं चाकांचं पंचांग

स्ट्रासबर्गच्या कॅथेड्रलमधल्या घड्याळात दुपारचे बारा वाजतात, तेव्हा बाहेर शहरात साडेबारा होत आलेले असतात. मी हिवाळ्यात गेले होते. पॅरिसहून रेल्वेनं पावणेदोन तास, मग स्टेशनवरून इल नदी ओलांडून पायी. गल्लीच्या टोकाला गुलाबी वालुकाश्माची ती उंच भिंत एकदम समोर येते. १४२ मीटरचं हे शिखर १६४७ पासून दोन शतकांहून अधिक काळ जगातली सर्वांत उंच वास्तू होतं. पण माझी ओढ आतल्या, दक्षिण बाजूच्या अठरा मीटर उंच घड्याळाकडे होती.

ते स्थानिक मध्यम वेळ दाखवतं, म्हणजे या गावाच्या स्वतःच्या रेखांशाची. म्हणून अर्ध्या तासाचा फरक. गर्दी जमते ती बाराच्या खेळासाठी. बारा शिष्य ख्रिस्तासमोरून जातात आणि वर कोंबडा पंख फडफडवून तीनदा आरवतो. एका मजल्यावर बालक, तरुण, प्रौढ आणि वृद्ध पाळीपाळीनं मृत्यूसमोरून सरकतात. पाव तासाचे टोले ते देतात, तासाचे टोले मात्र मृत्यूच देतो. खाली वारांचे रथ आहेत: सोमवारी चंद्रदेवता डायाना, मंगळवारी मार्स, मग मर्क्युरी, ज्युपिटर, व्हीनस, सॅटर्न. सोम, मंगळ, बुध, गुरू, शुक्र, शनी! आपलेच वार, त्याच क्रमानं. मराठी माणसाला इथे कुणी काही समजावून सांगायची गरज नाही.

खेळ संपला की गर्दी पांगते. खरं बघायचं ते त्यानंतर, अगदी तळाशी, जमिनीलगत.

आजच्या घड्याळाच्या समोरच्या भिंतीवर १३५० च्या दशकात पहिलं घड्याळ झालं. त्याचा लोखंडी कोंबडा आज शेजारच्या रोहान राजवाड्यातल्या संग्रहालयात आहे. दुसरं १५७४ मध्ये पुरं झालं, गणिती कोनराड डासिपोडियस आणि हाब्रेख्ट बंधूंच्या हातून. त्यावर पुढच्या शंभर वर्षांचं कॅलेंडर होतं. पण आठच वर्षांनी पोप ग्रेगरीनं दहा दिवस गाळून कालगणना बदलली. प्रॉटेस्टंट स्ट्रासबर्गनं ती मानली नाही. चौदाव्या लुईनं शहर घेतल्यावर, १६८२ मध्ये, ती इथे आली. १७८८ च्या सुमारास हे दुसरं घड्याळही थांबलं.

आणि लगेच क्रांती आली. १७९३ मध्ये फ्रान्सनं नवं कॅलेंडर काढलं: तीस दिवसांचे बारा महिने, उरलेले पाच-सहा दिवस वर्षाच्या शेवटी, दहा दिवसांचा आठवडा, धुक्यावरून, बर्फावरून, पिकांवरून महिन्यांची नावं. दिवसाचे तास दहा, तासाची मिनिटं शंभर. कॅथेड्रलचं झालं बुद्धीचं मंदिर. एवढं उंच शिखर म्हणजे समतेचा अपमान, ते पाडा, अशी मागणी झाली; तेव्हा शिखराला पत्र्याची क्रांतिकारी टोपी चढवून ते वाचवण्यात आलं. कागदावर इतकं नेटकं कॅलेंडर दुसरं नसेल. पण रविवार गेला, सण गेले, दहाव्या दिवसापर्यंत सुट्टीची वाट बघणं आलं. दहा तासांचा दिवस दोन वर्षांतच बारगळला आणि १ जानेवारी १८०६ पासून नेपोलियननं जुनं कॅलेंडर परत आणलं.

ज्याँ-बातिस्त श्विल्गे स्ट्रासबर्गचाच, १७७६ चा जन्म. हे सगळं त्याच्या तरुणपणी घडलं. १८३८ ते १८४२ या काळात त्यानं आजचं यंत्र बसवलं, आणि लोकांचे नियम जसे होते तसे, सगळ्या वाकड्या-तिकड्या अपवादांसकट, चाकांत उतरवले.

त्यांतला सर्वांत अवघड नियम ईस्टरचा. २१ मार्चला किंवा त्यानंतर येणारी पौर्णिमा, आणि तिच्यापुढचा रविवार. सूर्य, चंद्र आणि वार, तिघांची सांगड! आपल्या सुट्ट्यांच्या यादीतला गुड फ्रायडे दरवर्षी मागे-पुढे होतो तो यामुळेच. एकोणीस सौरवर्षांत २३५ चांद्रमास बसतात, म्हणजे बारा-बारा धरून सात जास्त. आपलं पंचांग त्यासाठी अधिक मास घालतं. आपण महिना वाढवतो, चर्च सण सरकवतं. घड्याळाच्या तळाशी डाव्या हाताला काचेमागे हेच गणित पितळेत मांडलेलं दिसतं. एकोणीस वर्षांच्या फेऱ्याचं चाक, वर्षारंभी चंद्र किती दिवसांचा आहे ते सांगणारं चाक, वर्षातले रविवार कोणत्या तारखांना येतात ते एका अक्षरानं सांगणारं चाक. ३१ डिसेंबरच्या मध्यरात्री ही सगळी फिरतात आणि मधल्या मोठ्या कॅलेंडरच्या कड्यावर नव्या वर्षाचा ईस्टर आपल्या तारखेवर जाऊन बसतो. त्याच्या मागोमाग त्याच्यावर अवलंबून असलेले सण.

मी त्या काचेपुढून बराच वेळ हलले नाही. माझी आजी पंचांगावर बोट ठेवून एकादशी शोधायची. तिला हे यंत्र क्षणात कळलं असतं, असं मला मनापासून वाटतं. क्रांतीच्या कॅलेंडरमागची बुद्धी लहान नव्हती. पण श्विल्गेची मला मोठी वाटते, कारण त्यानं लोकांना आपला सण सोडायला सांगितलं नाही, सणाला पुरेल एवढं गणित स्वतः केलं.

शतकी वर्षांचाही हिशेब त्यानं करून ठेवला आहे. १९०० लीप नाही, २००० आहे. २१०० च्या फेब्रुवारीत २९ तारीख गाळायचं कामही या चाकांकडेच आहे.