कुणाची तरी कुणीतरी

कोरियन भाषेत आईच्या बहिणीला 'इमो' म्हणतात आणि वडिलांच्या बहिणीला 'कोमो'. आपल्याकडचा मावशी-आत्या हा भेद तिथेही आहे. इंग्रजी उपशीर्षकांत मात्र दोघींची 'आंट' होऊन जाते. हे माझ्या ध्यानात आले ते 'गॉब्लिन' ही मालिका पाहताना. २०१६ च्या डिसेंबरात कोरियात सुरू झालेली ही मालिका मी बऱ्याच उशिरा, टाळेबंदीच्या दिवसांत पाहिली. आईवेगळ्या नायिकेला घरात राबवणारी आणि मेलेल्या बहिणीच्या विम्याच्या रकमेवर डोळा ठेवून असलेली एक बाई त्यात आहे. पडद्याखाली 'आंट' उमटते आणि कानावर 'इमो' पडते. 'माय मरो पण मावशी उरो' ही म्हण जिथे शब्दशः खरी झाली होती अशा घरात मी वाढले. त्यामुळे ही मावशी मला सोसेना. तिचा प्रसंग आला की मी तो पुढे ढकलत असे.

एकदा तसे करायचे राहून गेले आणि लक्षात आले की ही नटी दुष्टपणा असा करतच नाही. बहीण मरून सुटली आणि पोर आपल्या गळ्यात पडले, अशी त्या बाईची ठाम समजूत आहे. नटी केवळ ती समजूत वठवते आहे. खलनायिकेला आपण खलनायिका आहोत हे ठाऊक नसते, एवढी साधी गोष्ट आपल्याकडच्या मालिकांतल्या भुवया आणि पार्श्वसंगीत गेली कित्येक वर्षे विसरून बसली आहेत. मी नाव शोधले : यॉम हे-रान.

दक्षिण किनाऱ्यावरच्या यॉसू शहरात १९७६ साली जन्म. सोलच्या महिला विद्यापीठात शिक्षण, तेही कोरियन भाषा आणि साहित्य या विषयाचे (वाचकांपैकी पुष्कळांना हे वाचून बरे वाटेल!). मग सोलमधल्या 'यॉनू मुदे' या नाट्यसंस्थेतून रंगभूमीवर प्रवेश. पुढे पंधराएक वर्षे मुख्यतः नाटके, आणि चित्रपटांतून किरकोळ कामे. बोंग जून-हो यांच्या २००३ सालच्या 'मेमरीज ऑफ मर्डर'मध्येही ती एका लहानशा भूमिकेत आहे. २०१५ साली मार्शा नॉर्मन यांच्या ''नाइट, मदर' या नाटकाच्या कोरियन प्रयोगात ती मुलगी झाली. आईचे काम करणाऱ्यांत ज्येष्ठ अभिनेत्री ना मुन-ही होत्या. दुसऱ्याच वर्षी नो ही-ग्यॉंग यांनी लिहिलेल्या 'डिअर माय फ्रेंड्स' या मालिकेत ती पुन्हा ना मुन-ही यांचीच मुलगी झाली, नवऱ्याचा मार मुकाट खाणारी. दूरचित्रवाणीवर ती आली ती अशी, एकोणचाळिसाव्या वर्षी. ज्या वयात नायिकेला आईच्या भूमिका येऊ लागतात म्हणून मुलाखतींत हळहळ व्यक्त होते, त्या वयात हिची सुरुवात झाली.

साहाय्यक भूमिकेला कोरियनमध्ये 'जोयॉन' असा शब्द आहे. चिनी लिपीतून आलेली त्याची दोन अक्षरे म्हणजे 'मदत' आणि 'अभिनय'. वर्गात मी 'गौण पात्र' हा शब्द वापरते. त्यात तर मदतीचाही उल्लेख नाही, नुसती उतरंड आहे. शिवाय अशा पात्रांना बहुधा स्वतःचे नावही पुरते नसते. कोरियन घरांत बाईला अमक्याची आई म्हणून हाक मारतात, आपल्यासारखीच. किंवा माहेरगावाच्या नावाने. २०१७ च्या 'आय कॅन स्पीक' या चित्रपटात यॉम हे-रानच्या पात्राची ओळख आहे 'जिंजूदेक', म्हणजे आपण 'सांगलीवाली' म्हणू तशी. अमक्याची मावशी, तमक्याची आई, जिंजूची बाई. या शिधापत्रिकेवर तिने दहा वर्षे काढली आहेत.

'व्हेन द कॅमेलिया ब्लूम्स' (२०१९) मध्ये ती प्रथमच अशा बाईच्या रूपात दिसली जिला कुणाची गरज नाही : घटस्फोटाचे खटले चालवणारी वकील हाँग जा-यॉंग आणि तिचा बावळट, फुशारकीखोर नवरा. तिथे ती आवाज चढवत नाही. नवऱ्याचे खोटे तिला आधीच कळलेले असते आणि ते त्याच्या तोंडून बाहेर पडेपर्यंत थांबण्याचा तिला कंटाळा आलेला असतो. विनोद त्या कंटाळ्यात आहे. 'द अनकॅनी काउंटर'मध्ये ती लाल ट्रॅकसूट घालून दुष्ट आत्म्यांशी लढते आणि जखमींना बरे करते. मला त्या मालिकेत फारसा रस वाटला नाही, पण २०२१ चा बेकसांग पुरस्कार तिला त्याच कामासाठी मिळाला.

'द ग्लोरी' मात्र सविस्तर लिहायला हवी. ३० डिसेंबर २०२२ रोजी नेटफ्लिक्सवर तिचा पहिला भाग आला आणि पुढल्या मार्चमध्ये दुसरा. लेखिका किम उन-सुक, म्हणजे 'गॉब्लिन'मधली ती मावशी लिहिणारीच. या वेळी तिने यॉम हे-रानला दिली कांग ह्यॉन-नाम : नवऱ्याचा अमानुष मार खाणारी, परक्यांच्या घरी राबणारी. शाळेत झालेल्या छळाचा सूड घ्यायला निघालेल्या नायिकेला (सॉंग हे-ग्यो) ती एक सौदा सुचवते : मी तुमच्यासाठी पाळत ठेवीन, तुम्ही माझ्या नवऱ्याचा काटा काढा. नायिका गोठलेली, जवळजवळ न हसणारी. हिला मात्र गाडी चालवायला शिकण्याची, कॅमेरा हाताळण्याची गंमत वाटते. मार खाणारी बाई आनंदी असू शकते हे प्रेक्षकाला खटकते, कारण आपल्याला पीडितेचा चेहरा ठरलेला हवा असतो. 'डिअर माय फ्रेंड्स'मधल्या बाईपेक्षा हिच्या अंगावरचे वळ कमी नाहीत. पण हिला डब्यातल्या उकडलेल्या अंड्यांइतकेही सुख घेता येते. सूडाच्या त्या थंड कथेत ऊब जी काही आहे ती या दुय्यम पात्रातून येते, आणि ती काढली तर नायिकेला माणूस म्हणणे अवघड जाईल. मग दुय्यम कोण?

त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये आलेल्या 'मास्क गर्ल'ची रचनाच अशी की बहुतेक भागांना एकेका पात्राचे नाव आहे, आणि त्यांतला एक भाग आहे 'किम ग्यॉंग-जा'. मुलाच्या खुनाचा सूड घेणारी ही आई. यॉम हे-रान तिथे चोल्ला प्रांताची बोली बोलते; यॉसू त्याच प्रांतातले, तेव्हा ती तिची घरचीच. कुणाची तरी आई असलेल्या बाईला स्वतःच्या नावाचा अख्खा भाग मिळावा आणि तो तिने मुलाच्या नावावरच खर्चून टाकावा, हा त्यातला क्रूर भाग. यासाठी तिला २०२४ चा बेकसांग मिळाला.

माझी मावशी २०२३ साली गेली. आईच्या मागे तिने आम्हा तिघा भावंडांना वाढवले, स्वतःचे लग्न केले नाही. आमच्या वस्तीतल्या मंडळाच्या स्मरणिकेसाठी तिच्यावर एक पान लिहून द्यावे अशी गळ मला घालण्यात आली. साहित्य शिकवणारीला एक पान काय जड! लिहिले, आणि वाचून पाहिले तर प्रत्येक वाक्यात मी होते. आम्हाला तिने डबे दिले, आम्हाला तिने शिकवले, आमच्यासाठी तिने हे केले आणि ते सोडले. कर्ता ती, पण वाक्य आमचे. मी ते पान दिले नाही. स्मरणिका त्याविना निघाली.

मग २०२५ च्या मार्चमध्ये 'व्हेन लाइफ गिव्ज यू टँजरीन्स' आली. जेजू बेटावर श्वास रोखून समुद्राच्या तळाशी उतरणाऱ्या आणि शंखशिंपले वेचणाऱ्या बायका आहेत, 'हेन्यो'. यॉम हे-रान त्यांच्यापैकी एक, ग्वांग-न्ये. कवयित्री होऊ पाहणाऱ्या एसूनची आई. दिराच्या घरी ठेवलेल्या आपल्या लेकीच्या पानात सगळ्यांसारखा मासा पडत नाही हे कळल्यावर ही बाई पोरीला घेऊन येते. विशीतली ही आई तिने अठ्ठेचाळिसाव्या वर्षी साकारली आहे, आणि हिशेब करायचे मला सुचलेही नाही. सोळा भागांच्या या कथेतल्या पहिल्याच भागात ग्वांग-न्ये वयाच्या एकोणतिसाव्या वर्षी मरते. पुढे ती केवळ आठवणींतून येते, तरी तिच्या घरातून जाण्याची जाणीव शेवटपर्यंत विरत नाही. याही कामासाठी तिला बेकसांग मिळाला, तिसरा.

शेवटच्या भागात म्हाताऱ्या एसूनच्या कवितांचे हस्तलिखित एका प्रकाशनसंस्थेत पोहोचते. ते वाचणाऱ्या संपादिकेच्या भूमिकेत पुन्हा यॉम हे-रान आहे. आई आणि ही बाई यांचा कथेत काही संबंध नाही. एकच चेहरा, बस. परीक्षणात मी याला सोयीचा योगायोग म्हणून नावे ठेवली असती, आणि आजही ठेवीन. पण ती वाचत असताना तिच्या चेहऱ्यावर ज्या तऱ्हेने ओळख उमटते, आपले कुणीही नसलेल्या बाईचे आयुष्य तिला जसे भिडते, ते पाहून मी दूरदर्शक बंद केला आणि बराच वेळ बसून राहिले.

आमची मावशी दर गुरुवारी दुपारी चांगले पातळ नेसून दोन तास बाहेर जात असे. चहाच्या वेळेपर्यंत परत येई. आम्ही तिघांनी ते देवळात जाणे आहे असे धरून चालले होते. कुणी कधी विचारले नाही. त्या रात्री मी नवे पान काढले आणि गुरुवारपासून सुरुवात केली. पुढचे वाक्य अजून सापडलेले नाही.